अडीच बहारांचं मत

वीरेंद्रभाऊंनी आमदारकीचा राजीनामा दिला त्या दिवशी सौंसरच्या बाजारचौकात फटाके फुटले. अर्धे त्यांच्या नव्या पक्षाने फोडले, अर्धे जुन्या पक्षाने. आनंद दोघांनाही सारखाच झाला असल्यामुळे कोणता फटाका कोणाचा हे कळायला मार्ग नव्हता. वामन डिगरसे गुरुजी त्या वेळी ओट्यावर बसून शेजारच्या भाऊरावांना राजीनामा, रिक्त जागा आणि पोटनिवडणूक हा सगळा भाग समजावून सांगत होते. गुरुजी एकतीस वर्षं नागरिकशास्त्र शिकवत आले होते. समोर दोन माणसं दिसली की त्यांना तो वर्ग वाटायचा. भाऊराव रिटायर पटवारी, म्हणजे तलाठी. त्यांनी सगळं शांतपणे ऐकून घेतलं आणि विचारलं, "हे सर्व ठीक आहे गुरुजी. पन मे महिन्याच्या उनात याद्या घेऊन कोन फिरन?"

गुरुजींचा चहा तिथेच निवला. फिरणार तेच होते. सरकारने त्यांना आपल्या वॉर्डाचे बीएलओ नेमलं होतं, म्हणजे मतदान केंद्राचे अधिकारी. यातलं अधिकारीपण कागदावर असतं आणि केंद्र उन्हात असतं. नाव घालणे, नाव काढणे, मेलेला माणूस मेला आहे याची त्याच्या घरच्यांकडून खात्री करून घेणे, अशी ती कामं. उन्हाळ्याच्या सुट्टीत मेव्हण्याकडे बैतूलला जायचं ठरलं होतं, ते गेलं.

पण पांढुर्ण्याला झालेल्या बैठकीत एक गोष्ट अशी निघाली, की गुरुजींचा सगळा राग मावळला. नायब तहसीलदार अमिता मॅडम म्हणाल्या, की पंच्याऐंशीच्या वरच्या मतदारांचं मत या वेळी घरी जाऊन घ्यायचं आहे. ज्या केंद्रावर असे सगळेच्या सगळे म्हातारे मत देतील त्या बीएलओला कलेक्टर साहेबांच्या सहीचं प्रशस्तिपत्र मिळेल. गुरुजींना आजवर सरकारने दोनच कागद पाठवले होते. एक बदलीचा आणि दुसरा जनगणनेचं रजिस्टर कुठे आहे असं विचारणारा. ते रजिस्टर अजून सापडलेलं नाही. तिसरा कागद स्तुतीचा यावा अशी इच्छा चोपन्नाव्या वर्षी माणसाला होणं साहजिक आहे.

गुरुजींच्या यादीत असे अकरा जण होते आणि पहिलंच नाव त्यांच्या आईचं होतं. कलाबाई डिगरसे, वय अठ्ठ्याऐंशी. गुरुजींनी अकराही जणांचे घरून मत देण्याचे बारा-घ नंबरचे फॉर्म दोन दिवसांत भरले. आईची सही त्यांनी पेन्शनच्या कागदांबरोबर घेऊन टाकली. कलाबाई सही करताना एकेक अक्षर रोप लावल्यासारखं अंतर सोडून लावतात, त्यामुळे वेळ लागतो, पण त्या काय आहे म्हणून विचारत नाहीत. पोराने आणलेला कागद आहे, एवढं त्यांना पुरतं. फॉर्म मंजूर झाले. एकदा मंजूर झाले की त्या माणसाला केंद्रावर जाऊन मत देता येत नाही, घरी दिलं तर दिलं, नाहीतर बुडालं. हा नियम गुरुजींनी बाकीच्या दहा घरांत दोन-दोन वेळा समजावून सांगितला. स्वतःच्या घरात सांगायचा राहिला.

तो विषय जेवताना निघाला.

"माय, गुरवारी साहेब लोक घरीच येऊन राहिले. तुले कुठी जायाचं काम नाई. इथीच मत देजो."

"कायचं मत?"

"विधायकाचं."

"ते त देल्लं म्या."

"ते मागचं झालं व माय."

"मागचं कसं?" कलाबाईंनी घास खाली ठेवला. "पाच सालाचं देल्लं होतं. अडीच झाले. एक बगीचा दोघाले कसा देऊ मी?"

आता हे समजायला सौंसरचा संत्र्याचा सौदा माहीत पाहिजे. इथे झाडाला फूल आलं की व्यापारी येतो, बगीचा पाहतो, सौदा करतो आणि फळ उतरेपर्यंत तो बहार त्याचा असतो. मालक घरी खायलासुद्धा त्यातलं फळ तोडत नाही. मध्येच व्यापाऱ्याला नकोसं झालं, गार पडली, भाव पडला, तर त्याने बगीच्यात यायचं आणि दोन माणसांसमोर तोंडाने म्हणायचं, की बगीचा मोकळा केला. तो म्हणत नाही तोवर बगीचा अडकलेला. नवरा गेल्यावर कलाबाईंनी मोहगाव रोडचा अडीचशे झाडांचा बगीचा तीस वर्षं एकटीने चालवला होता. एका साली नागपूरचा व्यापारी सौदा करून गेला तो आलाच नाही. दुसरे चार जण दारात उभे असताना कलाबाईंनी एक फळ विकलं नाही. संत्री पिकली, गळली, सडली, सगळ्या शिवारात वास सुटला. गावाने त्यांना वेडी म्हटलं. आणि पुढच्या साली फूल यायच्या आधी त्यांच्याच बगीच्यात व्यापाऱ्यांची रांग लागली.

अशा बाईला गुरुजी राजीनामा समजावून सांगू लागले. त्यांनी रिक्त जागा सांगितली, विधानसभा सांगितली, पाटीवर आकृती काढून दाखवली. कलाबाईंनी आकृती पाहिली.

"तुह्या पुस्तकात अशीन. त्यानं माह्या आंगनात येऊन हात जोडून मत नेलं. मोकळं करायचं अशीन त आंगनातच करावं लागते. त्याच्याबिगर मी दुसरं मत देत नाई. दिलं त बेइमानी होते."

गुरुजींना त्या रात्री प्रशस्तिपत्र डोळ्यांसमोर दिसू लागलं आणि त्यावर दुसऱ्याच कोणाचं नाव दिसू लागलं. पण त्याहून वाईट एक गोष्ट होती. आईला न विचारता सही त्यांनीच घेतली होती. ती गुरुवारी नाही म्हणाली, तर तिचं मत त्यांच्या हाताने बुडणार होतं. कलाबाईंनी आयुष्यात एकही मत चुकवलेलं नव्हतं. वामनच्या वेळी सातवा महिना असतानाही त्या बैलगाडीतून केंद्रावर गेल्या होत्या, हे गुरुजींनी लहानपणापासून शंभरदा ऐकलं होतं.

सकाळी भाऊराव सल्ला द्यायला आले. पटवारी रिटायर होतो, सल्ला रिटायर होत नाही. ते म्हणाले, "बुढीले कागद दाखवा. कागदापुढं कोनीबी नरमते." गुरुजींनी राजीनामा मंजूर झाल्याची पेपरातली बातमी कापून आईला मोठ्याने वाचून दाखवली.

"हे त्यानं कोठी म्हटलं?" कलाबाईंनी विचारलं.

"भोपाळले."

"म्या काय भोपाळले जाऊन मत देल्लं होतं?"

कागद गेला. मग भाऊरावांनी दुसरा सल्ला दिला आणि तो इतका हलका होता, की गुरुजींनी तो ऐकायलाच नको होता. कलाबाईंना संध्याकाळी नीट दिसत नाही. कोणीतरी पांढरा कुर्ता घालून अंगणात यावं, हात जोडावेत, मोकळं केलं म्हणावं आणि जावं. "कोन येईन?" असं गुरुजींनी विचारलं, तेव्हा भाऊरावांनी नम्रपणे मान खाली घातली. गुरुजींच्या बायकोने, विजयाताईंनी, "हे बरं नाई होऊन राहिलं," असं स्पष्ट सांगितलं. त्यांचं त्या घरात ऐकतं कोण?

दिवेलागणीला भाऊराव आले. कुर्ता जावयाचा होता, त्यामुळे बटणं ताणली होती. त्यांनी हात जोडले, घसा बदलून "माताजी" म्हटलं. विधायक लोक माताजी म्हणतात असा त्यांचा अभ्यास होता. कलाबाईंनी एकदा हुंगल्यासारखं केलं.

"भाऊराव, तपकीर कमी करत जा बावा. पह्यले कुर्ता खराब होईन, मंग नाक."

भाऊराव "हाव काकू" म्हणून मागल्या पावली परत गेले आणि तीन दिवस ओट्यावर दिसले नाहीत. पण हा सगळा प्रसंग कुंपणापलीकडून वत्सलाबाईंनी पाहिला होता. वत्सलाबाई यादीतल्या चौथ्या, वय शहाऐंशी. त्यांनी येऊन कलाबाईंना विचारलं, काय चालू आहे. कलाबाईंनी सांगितलं. वत्सलाबाई म्हणाल्या, "मंग माह्यंबी अडकलंच आहे की व." दुसऱ्या दिवशी मंदिरात भजन होतं. भजन संपेपर्यंत वॉर्डातल्या अकराही जणांची मतं अडकली होती.

अमिता मॅडमचा फोन आला. "गुरुजी, आपके यहाँ से ग्यारह में से ग्यारह मना कर रहे हैं. ये क्या है?" गुरुजींनी संत्र्याचा सौदा समजावायला सुरुवात केली. मॅडम जबलपूरच्या होत्या. त्यांनी अर्ध्यातच विचारलं, "गुरुजी, आप धूप में ज़्यादा घूमे क्या?"

उरला एकच मार्ग. खुद्द वीरेंद्रभाऊंना अंगणात आणणे. आता वीरेंद्रभाऊ त्याच जागेवर नव्या पक्षाकडून पुन्हा उभे होते आणि आचारसंहितेत सरकारी नोकराने उमेदवाराच्या दाराकडे नुसतं बघितलं तरी त्याची नोंद होते. गुरुजींना हे माहीत होतं. बाकीच्या शिक्षकांना हे त्यांनीच शिकवलं होतं. म्हणून ते दुपारी एक वाजता निघाले, तोंडाला पंचा गुंडाळून, फक्त डोळे उघडे ठेवून. मे महिन्यात सौंसरमध्ये सगळेच असे हिंडतात, त्यामुळे वेशांतराचा खर्च आला नाही.

प्रचार कार्यालयात शिरल्याबरोबर दोन कार्यकर्त्यांनी मोठ्या आदराने त्यांचा पंचा सोडला. तिसऱ्याने त्या जागी पक्षाचा दुपट्टा घातला. चौथ्याने फोटो काढला. हे चौघं सकाळपासून येईल त्या माणसाला हेच करत होते, त्यांचा काही दोष नव्हता. पण गुरुजींचं तोंड उघडलेलं होतं, आश्चर्याने. फोटोत ते घोषणा देत असल्यासारखे दिसत होते. ते अजून "भाऊ कोठी आहे?" एवढंच विचारत होते, तेवढ्यात तो फोटो गावातल्या सगळ्या ग्रुपवर पोचला. खाली लिहिलं होतं, 'ज्येष्ठ शिक्षक वामनराव डिगरसे यांचा जाहीर प्रवेश'. गुरुजींना जाहीर झालेलं कळलं ते घरी येऊन. विजयाताईंना आधीच कळलं होतं. बैतूलच्या मेव्हण्यालाही कळलं होतं, त्याने अभिनंदन केलं.

ज्या सरकारला गुरुजींच्या वेतनवाढीची फाईल हलवायला चार वर्षं लागली, त्याच सरकारची कारण दाखवा नोटीस तीन तासांत आली. गुरुजींनी रात्रभर बसून उत्तर लिहिलं. खोटं लिहायचं नाही हा त्यांचा बाणा. त्यांनी लिहिलं, 'मी पक्षात प्रवेश करण्यास गेलो नसून माझ्या मातोश्रींचे मत सोडवून आणण्यास गेलो होतो.' अमिता मॅडमनी ते वाचून चष्मा काढला आणि डोळे दाबले. "गुरुजी, मैं ये ऊपर भेजूँगी तो मुझसे भी जवाब माँगेंगे." गुरुजींची बीएलओगिरी काढून घेण्यात आली. मतदानाच्या दिवशी पांढुर्ण्याच्या कंट्रोल रूममध्ये हजर राहण्याचा हुकूम मागाहून येईल, असं सांगण्यात आलं.

एकतीस वर्षांत गुरुजींवर डाग नव्हता. रजिस्टरचं सोडा. त्यांना सगळ्यांत जास्त लागलं ते हे, की आईने नोटिशीबद्दल एक शब्द काढला नाही. फक्त जेवताना त्यांच्या ताटात दोन वेळा तूप वाढायला सांगितलं.

इकडे विरोधकांना हा विषय मिळाला होता. त्यांचा ऑटो भोंगा लावून गल्लोगल्ली फिरू लागला. "वीरेंद्रभाऊ, कलाबाईचं मत मोकळं करा." एका दिवसात ते सगळ्या तालुक्याचं वाक्य झालं. बसमध्ये कंडक्टर प्रवाशाला म्हणू लागला, सीट मोकळी करा, आणि बस हसू लागली. वीरेंद्रभाऊंचा प्रचारप्रमुख म्हणत होता, की उमेदवाराने स्वतःच्या तोंडाने मत सोडायचं म्हणजे वेडेपणा. पण भाऊ जिथे जात तिथे म्हातारी माणसं दार अर्धं लावून घेत होती. शेवटी बुधवारी सकाळी, मतपेटी घरी यायच्या आदल्या दिवशी, तीन गाड्या गुरुजींच्या दारासमोर थांबल्या.

गुरुजी स्वयंपाकघरात पळाले. उमेदवार आणि आपण एका चौकटीत दिसलो तर पुढची नोटीस कोणती येईल याचा त्यांना भरवसा नव्हता. त्यांनी खिडकीच्या फटीतून पाहिलं. वीरेंद्रभाऊ वाकून पाया पडले. माय, तुझाच लेक आहे, विकासासाठी निर्णय घ्यावा लागला, असं बरंच बोलले. कलाबाईंनी सगळं ऐकून घेतलं. ओट्यावर एका बाजूला वत्सलाबाई बसल्या होत्या, दुसऱ्या बाजूला भाऊराव. आज ते स्वतःच्या कपड्यात आले होते.

"झालं?" कलाबाई म्हणाल्या. "आता म्हन."

"मोकळं केलं माय."

"कोनाचं? असं अर्धं नाई म्हनत. पुरं म्हन."

वीरेंद्रभाऊंनी मागे वळून पाहिलं. मोबाइल धरलेल्या पोराने मोबाइल खाली घेतला. कार्यकर्ते चपलांकडे बघू लागले. अडीच वर्षांत, दोन पक्षांत, हजार माणसांसमोर बोललेला माणूस त्या दोन म्हाताऱ्या आणि एका पटवाऱ्यासमोर अडखळला.

"कलाबाई डिगरसेचं मत म्या मोकळं केलं."

"आयकलं ना वत्सला? आयकलं भाऊराव?" दोघांनी मान हलवली. "बस झालं. माह्यं काई म्हननं नाई. विजया, त्याले पानी दे व. उनात आला तो."

भाऊंनी पाणी घेतलं. दोन ग्लास घेतलं. तिसऱ्या ग्लासाला ते खालच्या आवाजात म्हणाले, "राजीनामा देल्ला तवा एवढं जड नव्हतं गेलं माय." गुरुजींना त्या क्षणी त्यांची दया आली, आणि दया आल्याचा रागही आला. मग वत्सलाबाईंनी भाऊंना कुंपणापलीकडे आपल्या अंगणात नेलं. संध्याकाळपर्यंत उमेदवार एका वॉर्डात अकरा मतं सोडत फिरत होता आणि मोहगावची सभा मंडपवाल्याने त्याची वाट बघून उठवली.

गुरुवारी साहेब लोक आले. दोन अधिकारी, एक शिपाई, एक व्हिडिओवाला आणि पुठ्ठ्याचा आडोसा. घरच्यांना बाहेर काढलं. गुरुजी भाऊरावांच्या ओट्यावर जाऊन बसले, पण खिडकी उघडी होती आणि कलाबाईंचा आवाज बगीच्यात वाढलेला होता.

"साहेब, हे किती सालाचं आहे? पाचाचं?"

"नहीं अम्मा. ये तो बचे हुए ढाई साल का है."

"मंग बरोबर. उरलेल्या अडीच बहाराचं. आना कागद."

पोटनिवडणुकीत निवडून येणारा फक्त उरलेल्या मुदतीपुरता असतो, हे वाक्य गुरुजींनी एकतीस वर्षं फळ्यावर लिहिलं होतं. कधी त्याच्यावर दोन गुणांचा प्रश्नही काढला होता. आई पहिल्या दिवसापासून तेच सांगत होती आणि ते तिला आकृती काढून दाखवत होते. त्यांना लाज वाटली, आणि खोटं कशाला सांगा, अभिमानही वाटला.

अकराच्या अकरा मतं झाली. शंभर टक्के. कलेक्टर साहेबांचं प्रशस्तिपत्र केंद्राच्या बीएलओला मिळालं. ते बीएलओ म्हणजे शारीरिक शिक्षणाचे प्रकाश सर, त्यांनी मंगळवारी संध्याकाळी चार्ज घेतला होता. त्यांनी पेपरात मुलाखत दिली, की ज्येष्ठांशी सतत संवाद ठेवल्याने हे शक्य झालं.

गुरुजींचा कंट्रोल रूमचा हुकूम मतदानाच्या आदल्या दिवशी दुपारी आला. सकाळी सहाला पांढुर्ण्यात हजर, संध्याकाळी सातला सुट्टी. मतदान सातला सुरू, सहाला बंद. ड्युटीवरच्या माणसाला पोस्टाने मत देता येतं, त्याचा फॉर्म असतो, आणि फॉर्मची तारीख पाच दिवसांपूर्वी संपलेली होती. गुरुजी या टेबलावरून त्या टेबलावर गेले. प्रत्येक टेबलाने त्यांना फार आदराने पुढच्या टेबलावर पाठवलं. शेवटच्या टेबलावर एक फोन होता आणि तो वाजला तर उचलायचा हे गुरुजींचं काम होतं. फोन दिवसभरात एकदा वाजला. विजयाताईंचा होता, डबा उघडला का म्हणून.

साडेआठला ते घरी आले, हातपाय धुतले आणि पाटावर बसले. विजयाताईंच्या बोटावर शाई होती. कलाबाई शेजारी येऊन बसल्या. मतदानाच्या दिवशी घरातल्या सगळ्यांची बोटं पाहायची त्यांची जुनी रीत. त्यांनी गुरुजींचा डावा हात उचलून डोळ्यांजवळ नेला, उलटा केला, सुलटा केला, अंगठ्याने पुसून पाहिला. मग उजवा पाहिला.

"वामन, तुह्यं?"

गुरुजी उजव्या हाताने वरणात भात कालवू लागले.

"तुह्यं मत कोनापाशी अडकलं बावा?"

गुरुजींना खोटं बोलता येत नव्हतं. ते म्हणाले, "सरकारपाशी."

कलाबाईंनी गुरुजींचा डावा हात हळूच ताटाजवळ ठेवला आणि सुनेला म्हणाल्या, "विजया, वत्सलाले आवाज दे. भाऊरावलेबी बोलाव, दोन मानसं लागतीन." आणि गुरुजींकडे वळून म्हणाल्या, "तू जेवून घे. अन् मंग त्या सरकारले फोन लाव. म्हन, मायनं आंगनात बोलावलं."